दोष कोणाला दिसला, अर्थ कोणाला लागला

१८४९ सालच्या डिसेंबरची २२ तारीख. कडाक्याच्या थंडीत पीटर्सबर्गच्या सेम्योनोव्हस्की चौकात कैद्यांची एक रांग उभी होती. एकेकाचे नाव घेऊन मृत्युदंडाचा हुकूम वाचला गेला, अंगावर पांढरे झगे चढवले गेले. पहिल्या तिघांना खांबांना बांधून शिपायांनी बंदुका रोखल्या. पुढच्या तिघांत अठ्ठावीस वर्षांचा फ्योदोर दोस्तोव्हस्की होता. गोळ्या सुटणार तेवढ्यात झार निकोलसचा निरोप आला : देहदंड रद्द, त्याऐवजी सक्तमजुरी. हा सगळा देखावा आधीच ठरलेला होता.

हा प्रसंग दोस्तोव्हस्कीच्या प्रत्येक चरित्रात येतो. पण साहित्याच्या वाचकाने त्याच्यावरच्या आरोपाकडेही थांबून पाहावे. विसारिओन बेलिन्स्की या समीक्षकाने निकोलाय गोगोल या लेखकाला लिहिलेले एक पत्र त्याने मित्रांच्या बैठकीत मोठ्याने वाचून दाखवले आणि त्याची खबर सरकारला दिली नाही, हा त्याचा मुख्य गुन्हा. गोगोलने १८४७ मध्ये एक पुस्तक काढून झारशाही, चर्च आणि भूदासांवरची जमीनदारांची सत्ता यांची पाठराखण केली होती. उपचारासाठी परदेशी गेलेल्या बेलिन्स्कीने त्याला जळजळीत उत्तर लिहिले. ते छापणे अशक्यच होते, म्हणून हाताने उतरवलेल्या नकलांमधून ते रशियाभर पसरले.

एका समीक्षकाचे पत्र वाचले म्हणून कादंबरीकाराला वधस्तंभापर्यंत नेणारा हा देश. तिथे संसद नव्हती, पक्ष नव्हते, वर्तमानपत्रांवर सेन्सॉरची नजर होती. भूदासांना मुक्त करावे का, युरोपचे अनुकरण करावे का, ईश्वर आहे का, या प्रश्नांवर उघड बोलण्याची एकच जागा उरली होती : जाडजूड मासिके आणि त्यांतली पुस्तक-परीक्षणे. त्यामुळे रशियन समीक्षकाच्या शब्दाला असे वजन आले की आज आपल्याला त्याची कल्पना करणेही अवघड जावे. दोस्तोव्हस्कीच्या शैलीवर आणि जीवनदृष्टीवर या समीक्षकांनी ऐंशीहून अधिक वर्षे वाद घातला. त्याचे दोष त्याच्या विरोधकांना फार लवकर आणि फार अचूक दिसले. त्या दोषांचा अर्थ लागायला मात्र १९२९ साल उजाडावे लागले.

बेलिन्स्कीचा कौल

१८४५ च्या मे महिन्यात तेवीस वर्षांच्या दोस्तोव्हस्कीने ‘गरीब माणसे’ ही पहिली कादंबरी हातावेगळी केली. लष्करी अभियंत्याची नोकरी त्याने आदल्याच वर्षी सोडली होती. सोबत राहणाऱ्या ग्रिगोरोविचने हस्तलिखित नेक्रासोव्ह या कवी-संपादकाकडे नेले. दोघांनी ते रात्रभर मोठ्याने वाचले आणि पहाटे चार वाजता, उत्तरेकडच्या उन्हाळ्यातल्या त्या न सरणाऱ्या उजेडात, ते लेखकाच्या दारात येऊन उभे राहिले. मग नेक्रासोव्ह हस्तलिखित घेऊन बेलिन्स्कीकडे गेला. नवा गोगोल जन्माला आला, हे त्याचे बोलणे बेलिन्स्कीला आधी पटले नाही. वाचून झाल्यावर मात्र त्याला लेखकाला भेटण्याची घाई झाली. त्या भेटीतले बेलिन्स्कीचे शब्द ऐकले तो आपल्या आयुष्यातला सर्वांत आनंदाचा क्षण होता, असे दोस्तोव्हस्कीने तीस वर्षांनंतर लिहून ठेवले.

बेलिन्स्कीला या कादंबरीत रशियातल्या सामाजिक कादंबरीचा आरंभ दिसला. गोगोलने ‘ओव्हरकोट’मध्ये गरीब कारकून बाहेरून रंगवला होता. इथे तसाच एक कारकून, मकार देवुश्किन, स्वतःच्या हाताने पत्रे लिहून आपले दुःख सांगत होता. एवढेच काय, तो ‘ओव्हरकोट’ ही गोष्ट वाचतो आणि संतापतो : आपल्या फाटक्या आयुष्यात डोकावून ते चव्हाट्यावर मांडण्याचा अधिकार या लेखकाला कोणी दिला? पात्राने लेखकावर रागावण्याची ही जागा लक्षात ठेवण्याजोगी आहे. पुढच्या सगळ्या वादाचे बीज तिथेच पडले होते.

१८४६ च्या आरंभी ‘गरीब माणसे’ प्रसिद्ध झाली आणि पाठोपाठ आली ‘प्रतिरूप’. गोल्याद्किन नावाच्या कारकुनाला हुबेहूब आपल्यासारखाच दुसरा माणूस भेटतो आणि तो हळूहळू त्याची जागा बळकावतो. बेलिन्स्कीने तिची ताकद मान्य केली, पण कंटाळवाणा पसारा आणि तेच ते वाक्प्रयोग यांबद्दल तक्रारही केली. त्याने आणखी एक गोष्ट टिपली : कथा सांगतो लेखक, पण सांगतो ती पूर्णपणे नायकाच्या भाषेत आणि नायकाच्याच समजुतींनी. त्यामुळे वाचकाला पायाखाली घट्ट जमीन मिळत नाही. वर्षभरात त्याचा सूर कडक झाला. असले विलक्षण विषय वेड्यांच्या इस्पितळात शोभतात, ते हाताळणे डॉक्टरांचे काम आहे, कवींचे नव्हे, असे त्याने बजावले. पुढच्या कथांनंतर तर या लेखकाला प्रतिभावंत मानण्यात आपण फसलो, असे त्याने मित्राला कळवले. तुर्गेनेव्ह आणि नेक्रासोव्ह यांनी या मानी तरुणावर टिंगलीची कविता रचली. १८४८ मध्ये बेलिन्स्की क्षयाने गेला. ज्याने आपल्याला उचलून धरले आणि नंतर टाकून दिले, त्याच समीक्षकाचे पत्र वाचल्याबद्दल पुढच्या वर्षी दोस्तोव्हस्की पकडला गेला.

लिस्बनचा भूकंप

ओम्स्कच्या तुरुंगातली चार वर्षे आणि सेमिपालातिन्स्कमधली सैनिकी चाकरी संपवून तो १८५९ च्या अखेरीस पीटर्सबर्गला परतला तेव्हा हवा बदलली होती. नवा झार दुसरा अलेक्झांडर भूदासमुक्तीच्या उंबरठ्यावर होता. समीक्षेची सूत्रे चेर्निशेव्हस्की आणि त्याचा तरुण सहकारी दोब्रोल्यूबोव्ह यांच्याकडे आली होती. समाजाच्या उपयोगी पडेल ते साहित्य, बाकी सारे चैन, अशी त्यांची भूमिका. समोर शुद्ध कलेचे पुरस्कर्ते होते.

दोस्तोव्हस्कीने भावाबरोबर ‘व्रेम्या’ नावाचे मासिक सुरू केले आणि १८६१ च्या फेब्रुवारीत दोन्ही पक्षांना उत्तर दिले. त्यातला त्याचा दाखला फार बोलका आहे. १७५५ साली लिस्बन शहर भूकंपाने उद्ध्वस्त झाले. समजा, दुसऱ्या दिवशी तिथल्या वर्तमानपत्रात एका मोठ्या कवीची प्रेमाची हळुवार, अतिसुंदर कविता छापून आली, तर लोक त्या कवीला भर चौकात फासावर चढवतील. पण तीस किंवा पन्नास वर्षांनी हेच लोक त्याच कवितेसाठी त्याच चौकात त्याचा पुतळाही उभारतील. दोष कवीच्या वर्तनाचा, कवितेचा नव्हे. उपयुक्ततावाद्यांना त्याने सांगितले की कलाहीन कादंबरीने तुमचा हेतूही साधत नाही, कारण वाचकाच्या मनावर ठसा उमटवते ती कला. ना. सी. फडके आणि वि. स. खांडेकर यांच्या नावांभोवती मराठीत पुढे जो कलेसाठी कला आणि जीवनासाठी कला असा वाद रंगला, त्याच्या कितीतरी आधी हा कैदेतून सुटलेला माणूस दोन्ही बाजूंच्या मर्यादा इतक्या स्वच्छपणे दाखवत होता.

दोब्रोल्यूबोव्हने त्याच वर्षी त्याच्या ‘अपमानित आणि दुखावलेले’ या कादंबरीवर मोठा लेख लिहिला. कलेच्या कसोटीला ही कादंबरी उतरत नाही, म्हणून आपण तिच्यातल्या दबलेल्या माणसांच्या यातनांविषयीच बोलू, असे तो म्हणतो. त्या माणसांविषयी तो पोटतिडकीने लिहितो आणि दोस्तोव्हस्कीच्या करुणेला पूर्ण मान देतो. शैलीविषयीची त्याची तक्रार अशी : सगळी पात्रे लेखकासारखीच बोलतात, त्याचेच आवडते शब्द वापरतात, त्याच्याच वळणाची वाक्ये करतात. बेलिन्स्कीला लेखक पात्रासारखा बोलताना ऐकू आला होता, दोब्रोल्यूबोव्हला पात्रे लेखकासारखी बोलताना ऐकू आली. दोघांचेही कान तयार होते. हा लेख लिहिल्यानंतर काही आठवड्यांतच दोब्रोल्यूबोव्ह वारला. तो अवघा पंचवीस वर्षांचा होता.

कुऱ्हाड आणि रिकामा खिसा

१८६३ मध्ये चेर्निशेव्हस्कीने तुरुंगातून ‘काय करावे?’ ही कादंबरी लिहिली. माणसाला त्याचे खरे हित कळले की तो शहाण्यासारखा वागेल, हा तिचा विश्वास. दुसऱ्याच वर्षी दोस्तोव्हस्कीने ‘तळघरातील टिपणे’ लिहून या विश्वासाच्या मुळावर घाव घातला. आपले हित कळूनही निव्वळ स्वतःची मर्जी चालवण्यासाठी माणूस त्याविरुद्ध वागतो, असे त्याचा कडवट निवेदक ठासून सांगतो. समीक्षकांनी या पुस्तकाची फारशी दखल घेतली नाही.

‘गुन्हा आणि शिक्षा’कडे मात्र कोणालाच दुर्लक्ष करता आले नाही. ‘रूस्की व्हेस्तनिक’ या काटकोव्हच्या मासिकात १८६६ च्या जानेवारीपासून ती क्रमशः येऊ लागली. नेमक्या त्याच महिन्यात मॉस्कोत दानिलोव्ह नावाच्या एका विद्यार्थ्याने सावकाराचा आणि त्याच्या मोलकरणीचा खून केला. कादंबरीचा पहिला भाग त्याआधीच लिहून झाला होता. आपले वास्तव इतरांच्या वास्तवापेक्षा खोल जाते, याचा हा पुरावा आहे असे दोस्तोव्हस्कीला वाटले. ‘सोव्रेमेन्निक’ मासिकात एलिसेयेव्हने उलट आरोप केला : एका खुन्याच्या निमित्ताने लेखक अख्ख्या विद्यार्थिवर्गाची बदनामी करतो आहे. एप्रिलमध्ये काराकोझोव्ह नावाच्या तरुणाने झारवर गोळी झाडली, धरपकड सुरू झाली, खुद्द ‘सोव्रेमेन्निक’ बंद पाडण्यात आले. कादंबरीचे प्रकरण वाचणे आणि दिवसाची बातमी वाचणे यांत त्या वर्षी फार अंतर उरले नव्हते.

१८६७ मध्ये दिमित्री पिसारेव्हने या कादंबरीवर लिहिले. पीटर आणि पॉलच्या किल्ल्यातली चार वर्षांहून अधिक कैद भोगून तो नुकताच सुटला होता. लेखकाची मते काय आहेत याच्याशी मला कर्तव्य नाही, त्याने दाखवलेले जीवन खरे आहे की नाही एवढेच मी पाहणार, असे त्याने आरंभीच जाहीर केले. मग त्याने कादंबरीचा खुनी नायक रास्कोल्निकोव्ह याच्या खोलीचे भाडे, त्याचे उपाशी पोट, आईची पत्रे यांचा हिशेब मांडला आणि निष्कर्ष काढला : खुनाचे मूळ त्याच्या सिद्धान्तात नाही, रिकाम्या खिशात आहे. विरोधी गोटातल्या समीक्षकाने लिहिलेला हा लेख आजही वाचनीय आहे, कारण त्यात कादंबरीतल्या दारिद्र्याचा एकही तपशील निसटत नाही. पण लेखकाचे विचार बाजूला काढून उरलेल्या कादंबरीवर बोलता येते, हे त्याचे गृहीतक लंगडे होते. रास्कोल्निकोव्हच्या खिशात पैसे असते तरी त्याचा लेख, असामान्य माणसाला सारे क्षम्य आहे हे सांगणारा, छापून झालेलाच होता. स्त्राखोव्ह या समीक्षकाने नेमकी दुसरी बाजू पाहिली : या लेखकाने शून्यवादी तरुणाला खलनायक न करता पहिल्यांदाच दुःखी माणूस म्हणून उभे केले.

बोललेले गद्य

१८६६ मध्येच दोस्तोव्हस्कीच्या लेखनाची पद्धत बदलली. स्तेलोव्हस्की नावाच्या प्रकाशकाशी केलेल्या जाचक कराराची मुदत डोक्यावर आली होती. ती चुकली असती तर पुढच्या अनेक वर्षांच्या लेखनावरचा हक्क गेला असता. ऑक्टोबर १८६६ मध्ये त्याने आना ग्रिगोर्येव्हना स्नित्किना या वीस वर्षांच्या लघुलेखिकेला बोलावले आणि ‘जुगारी’ ही कादंबरी २६ दिवसांत सांगून पूर्ण केली. पुढच्या फेब्रुवारीत त्यांचे लग्न झाले. यानंतरच्या कादंबऱ्यांचा मजकूर त्याने मुख्यतः असाच खोलीत येरझारा घालत, पात्रांच्या आवाजात बोलत तिला सांगितला.

घाई, पुनरुक्ती, एकदम उसळणारे संवाद, दम लागल्यासारखी वाक्ये, याचे कारण लोकांनी कर्जात शोधले. त्यानेही आगाऊ घेतलेल्या पैशांना आणि मुदतींना दोष दिला. तुर्गेनेव्ह आणि टॉलस्टॉय यांच्यासारखी सवड आपल्याला कधी मिळाली नाही, ही त्याची आयुष्यभराची खंत होती. पण ‘गुन्हा आणि शिक्षा’चा पहिला मोठा खर्डा त्याने जाळून टाकला होता आणि कादंबरी नव्याने सुरू केली होती, तीही कर्जात गळ्यापर्यंत बुडालेला असताना. त्याच्या वह्यांत एकेका कादंबरीचे कितीतरी आराखडे मोडलेले दिसतात. सोयीचे लिहून मोकळा होणारा हा लेखक नव्हता. हवा तो सूर सापडेपर्यंत तो थांबत असे, आणि तो सूर सुबक नसे.

विरोधकांचे आरोप

२१ नोव्हेंबर १८६९ ला मॉस्कोत सर्गेई नेचायेव्ह आणि त्याच्या साथीदारांनी आपल्याच गुप्त मंडळातल्या इवानोव्ह या विद्यार्थ्याला ठार मारले. त्या घटनेवरून दोस्तोव्हस्कीने ‘भुते’ (१८७१-७२) लिहिली. क्रांतिकारकांचे चित्र भयंकर होते. एका आढ्यताखोर लेखकाच्या पात्रात तुर्गेनेव्हची उघड नक्कल होती. पुरोगामी रशिया खवळला. नेचायेव्ह प्रकरणात स्वतः शिक्षा भोगलेल्या त्काचोव्हने लिहिले की ही आजारी माणसे आहेत, आमची पिढी नव्हे. निकोलाय मिखाइलोव्हस्की या मोठ्या समीक्षकाचा १८७३ मधला आक्षेप अधिक खोल होता. तुम्ही चुकीच्या भुतांच्या मागे लागला आहात, असे तो म्हणाला. रशियाला खरी झपाटणारी भुते बँका, रेल्वे कंपन्या आणि राष्ट्राची संपत्ती वाढवण्याच्या नावाने शेतकऱ्याला नागवणारे भांडवल ही आहेत, आणि त्यांच्याविषयी तुम्ही गप्प आहात. दीडशे वर्षांनीही या आक्षेपाला बगल देता येत नाही.

१८७६-७७ मध्ये दोस्तोव्हस्कीने ‘लेखकाची रोजनिशी’ हे मासिक एकट्याने चालवले. खटले, लहान मुलांवरचे अत्याचार, आत्महत्या, यांवरचे त्याचे लेखन हेलावून टाकणारे आहे. त्याच पानांवर कॉन्स्टँटिनोपल रशियाचे झालेच पाहिजे असा घोषही आहे. मार्च १८७७ च्या अंकात ज्यूंविषयीचा लेख आहे. तुरुंगात असलेल्या अव्राम उरी कोव्हनर या ज्यू पत्रकाराने त्याला पत्र लिहून विचारले होते, की दीनदुबळ्यांचा कैवारी असलेला तुमच्यासारखा लेखक आमच्या लाखो गरिबांविषयी असा द्वेष का बाळगतो? दोस्तोव्हस्कीने पत्रातला काही भाग छापला, द्वेषाचा इन्कार केला आणि मग तेच आरोप पानोपानी परत मांडले.

‘ब्रदर्स करामाझोव्ह’ (१८७९-८०) मध्ये इव्हान हा भाऊ छळलेल्या मुलांचे दाखले देऊन ईश्वराच्या जगाचे तिकीट परत करतो. चर्चची सूत्रे लवकरच हाती घेणाऱ्या पोबेदोनोस्त्सेव्हने लेखकाला विचारले, इतक्या जोरकस आरोपाला उत्तर कुठे आहे? उत्तर पुढच्या भागात, साधू झोसिमाच्या तोंडी येईल, असे कळवताना दोस्तोव्हस्कीने कबूल केले की ते पुरेसे ठरेल की नाही या शंकेने आपण धास्तावलो आहोत. नास्तिकाला आपल्याहून बलवान युक्तिवाद देणारा हा आस्तिक पाहून त्याचे सनातनी मित्रही बुचकळ्यात पडले. ८ जून १८८० ला मॉस्कोत पुश्किनच्या पुतळ्याच्या सोहळ्यात त्याने विश्वबंधुत्वाचे प्रसिद्ध भाषण केले, सभागृह रडले, तुर्गेनेव्हने त्याला मिठी मारली. काही आठवड्यांतच उजवीकडून हल्ला आला. कॉन्स्तान्तिन लिओन्तिएव्हने लिहिले की पृथ्वीवर सार्वत्रिक प्रेमाचे राज्य येईल असे ख्रिस्ताने कुठेही सांगितलेले नाही. हा धर्म गुलाबी आहे, त्यात ईश्वराचे भय नाही.

२८ जानेवारी १८८१ ला दोस्तोव्हस्की गेला. ज्या विद्यार्थ्यांची त्याने बदनामी केली असे म्हटले जात होते, तेच विद्यार्थी हजारोंच्या अंत्ययात्रेत पुढे होते. पुढच्याच वर्षी मिखाइलोव्हस्कीचा ‘क्रूर प्रतिभा’ हा लेख आला. कोकराला फाडताना लांडग्याला काय वाटते आणि कोकराला काय वाटते, हे या लेखकाइतके बारकाईने कोणी लिहिलेले नाही. पण तो पात्रांना गरज नसताना छळतो, वाचकालाही छळतो, आणि त्या छळात त्याला रस आहे, असा मिखाइलोव्हस्कीचा दावा. तुर्गेनेव्हने तो वाचून खासगी पत्रात दोस्तोव्हस्कीची तुलना मार्की द सादशी केली.

कान लावून वाचणारे

पुढच्या पिढीने बाजू उलटवली. व्लादिमिर सोलोव्योव्हने त्याला नव्या धर्मजाणिवेचा द्रष्टा म्हटले. रोझानोव्हने ‘ब्रदर्स करामाझोव्ह’मधल्या महाधर्मन्यायाधीशाच्या कथेवर आख्खे पुस्तक लिहिले. शेस्तोव्हने १९०३ मध्ये त्याला नीत्शेच्या शेजारी बसवले. यांतल्या बहुतेकांना त्याच्या विचारांनी झपाटले होते, लेखन कसे आहे याचा विचार ते क्वचितच करत. मेरेझकोव्हस्की त्याला अपवाद. टॉलस्टॉयची माणसे आपल्याला दिसतात म्हणून ऐकू येतात आणि दोस्तोव्हस्कीची ऐकू येतात म्हणून दिसतात, असे त्याने दाखवले. खुद्द टॉलस्टॉयला त्याची शैली कधी रुचली नाही. तरी १९१० मध्ये घर सोडून निघण्याआधीच्या दिवसांत तो नाराजी नोंदवत ‘ब्रदर्स करामाझोव्ह’च वाचत होता.

१९१३ मध्ये मॉस्को आर्ट थिएटरने ‘भुते’ रंगमंचावर आणायचे ठरवले तेव्हा काप्रीहून मॅक्सिम गॉर्कीने निषेध केला. दोस्तोव्हस्कीची प्रतिभा त्याला निर्विवाद मान्य होती, पण ती घातक प्रतिभा आहे असे त्याचे मत. १९०५ च्या क्रांतीच्या पराभवानंतर खचलेल्या समाजाला आत्मपीडेचे हे दर्शन घडवण्याची गरज आहे का, असा त्याचा सवाल होता. नाट्यसंस्थेने जाहीर उत्तर दिले आणि प्रयोग केला.

मग १९२९ मध्ये लेनिनग्राडला मिखाइल बाख्तीन या जवळजवळ अनोळखी अभ्यासकाचे दोस्तोव्हस्कीच्या कलेवरील पुस्तक निघाले. त्याच्या आरंभीचे निरीक्षण साधे आहे. इतकी वर्षे समीक्षक रास्कोल्निकोव्हशी, इव्हानशी, महाधर्मन्यायाधीशाशी वाद घालत आले, जणू ती स्वतंत्र तत्त्वज्ञ माणसे आहेत. हे कसे घडते? बाख्तीनचे उत्तर असे : या कादंबऱ्यांत लेखकाचा आवाज इतरांच्या वर नसतो. पात्र म्हणजे लेखकाने बाहेरून न्याहाळलेली वस्तू नाही, स्वतःविषयीचा शेवटचा शब्द दुसऱ्या कोणाला बोलू न देणारा तो एक जिवंत आवाज आहे. म्हणूनच देवुश्किनला ‘ओव्हरकोट’ वाचून संताप आला. आपल्याविषयी कोणी बाहेरून अंतिम निकाल देतो, हेच त्याला सहन झाले नाही. अनेक जाणिवा, कोणतीही दुसरीत विरून न जाता, एकमेकींशी बोलत राहतात. संगीतातून शब्द घेऊन त्याने या रचनेला बहुस्वर कादंबरी म्हटले.

आता जुन्या तक्रारी आठवून पाहाव्यात. ‘प्रतिरूप’चा निवेदक नायकाच्याच भाषेत बोलतो, हे बेलिन्स्कीचे निरीक्षण. बाख्तीनने दाखवले की तो आवाज गोल्याद्किनच्या कानाशी लागून त्यालाच चिडवतो, एका वाक्यात दोन आवाज भांडतात, आणि तेच त्या कथेचे मर्म आहे. सगळी पात्रे एकसारखी बोलतात, हा दोब्रोल्यूबोव्हचा आक्षेप. बोलीभाषांचे वैविध्य टॉलस्टॉयपेक्षा इथे कमी आहे, हे बाख्तीन मान्यच करतो. महत्त्वाचे आहे ते हे की एकाचा शब्द दुसऱ्याच्या शब्दाला कोणत्या कोनातून भिडतो, समोरच्याचे न बोललेले उत्तर तो आधीच कसे ऐकतो. तळघरातल्या माणसाचे प्रत्येक वाक्य कोणाच्या तरी हसण्याची वाट पाहत मागे वळून बघते, म्हणून ते वेडेवाकडे होते. आणि इव्हानला पुरे पडेल असे उत्तर देता न आल्याची ती धास्ती? ज्या कादंबरीत विरोधकाला पूर्ण ताकदीने बोलू दिले आहे, तिच्यात निकाल लागणेच अवघड.

ज्यांनी हे दोष नोंदवले त्यांच्या प्रामाणिकपणाविषयी मला नितांत आदर वाटतो. कौतुक करणाऱ्या भक्तांना ही वाक्ये खटकली नव्हती. बेलिन्स्की, दोब्रोल्यूबोव्ह, मिखाइलोव्हस्की यांना ती बोचली, कारण ते कान लावून वाचत होते. बाख्तीनला पायाभरणीचे दगड त्यांनीच पुरवले. चूक झाली ती जीवनदृष्टी एका तराजूत आणि शैली दुसऱ्या तराजूत तोलण्याची. विचार आवडणाऱ्यांनी शैली माफ केली, विचार न पटणाऱ्यांनी प्रतिभेचे कौतुक करून विचार टाकून दिले. हा लेखक ज्या तऱ्हेने वाक्य करत होता, तीच त्याची जगाकडे पाहण्याची तऱ्हा होती.

पुस्तक बाहेर आले तेव्हा बाख्तीन अटकेत होता. धार्मिक-तात्त्विक चर्चामंडळांशी संबंध असल्याच्या आरोपावरून त्याला डिसेंबर १९२८ मध्ये पकडण्यात आले होते. सोलोव्की बेटावरच्या छावणीची शिक्षा आजारपणामुळे बदलून त्याला कझाकस्तानातल्या कुस्तानायला हद्दपार केले गेले. शिक्षणमंत्री राहिलेल्या लुनाचार्स्कीने त्या पुस्तकाची दखल घेणारा लेख लिहिला, पण पुढची तीस वर्षे ते विस्मरणात गेले. साठच्या दशकाच्या आरंभी काही तरुण अभ्यासकांना कळले की लेखक जिवंत आहे आणि सारान्स्कसारख्या आडगावी शिकवतो. १९६३ मध्ये वाढवलेली आवृत्ती निघाली आणि मग तो जगभर वाचला जाऊ लागला.

जिथे मध्येच थांबवणारे कोणी नाही

बाख्तीनच्या उत्तराने वाद मिटला असे मात्र कोणी समजू नये. रशियन जनता ही ईश्वराला वाहून नेणारी जनता आहे, ही दोस्तोव्हस्कीची स्वतःची लाडकी श्रद्धा. ‘भुते’मध्ये ती शातोव्ह या पात्राच्या तोंडी येते, आवेशाने, तापल्या आवाजात. समोर बसलेला स्ताव्रोगिन थंडपणे त्याला विचारतो की तू स्वतः ईश्वर मानतोस का. शातोव्ह अडखळतो. रशिया मानतो, चर्च मानतो, असे सांगता सांगता ईश्वराबाबत त्याला एवढेच म्हणता येते की मी पुढे मानेन. लेखकाने आपलीच श्रद्धा दुसऱ्या आवाजासमोर उभी केली आणि तिची परीक्षा घेतली. तीच श्रद्धा ‘रोजनिशी’त येते तेव्हा तिला मध्येच थांबवणारे कोणी नाही. कोव्हनर प्रश्न विचारतो, पण त्याचा आवाज कापून छापला जातो आणि त्यावर शेवटचा शब्द संपादकाचा असतो. तिथे दोस्तोव्हस्की अन्यायी होतो, आणि त्याचे लेखनही एकसुरी, ठोकळेबाज होते.

कादंबरीकाराची जीवनदृष्टी चुकीची असेल तर त्याची कादंबरी वाचावी का, हा प्रश्न आपल्याकडेही वरचेवर उभा राहतो. दोस्तोव्हस्कीवरच्या या दीर्घ वादातून मला मिळणारे उत्तर स्पष्ट आहे. त्याची मते काय होती हे लपवू नये, आणि ज्यूंविषयीच्या त्या पानांना प्रतिभेचे निमित्त करून माफीही देऊ नये. मग ‘भुते’ आणि ‘रोजनिशी’ शेजारी ठेवून वाचावीत आणि पाहावे की लेखक विरोधकाला बोलायला किती जागा देतो. जिथे ती दिली, तिथे आपल्या मतांपेक्षा मोठे पुस्तक त्याच्या हातून लिहून झाले. जिथे ती नाकारली, तिथे आपल्याच काळाच्या पूर्वग्रहांपलीकडे त्याला काही सुचले नाही.